ढोल थांबल्यावर

सार्पोंग मामाचा गुडघा वर्षातून एकदाच दुखायचा, आणि तोही नेमका आपोच्या सणाच्या आदल्या आठवड्यात.

एरवी हा माणूस कोकोच्या मळ्यात तुरुतुरु चालायचा, मयताच्या जेवणात तरुणांच्या बरोबरीनं नाचायचा. पण पुजाऱ्यांनी आपोचा दिवस जाहीर केला रे केला की त्याच्या चेहऱ्यावर कळ उमटायची. मग गुडघ्याला फडकं, हातात काठी आणि सकाळच्या पहिल्या गाडीनं कुमासी. तिथं कुणी नामांकित मालीशवाला होता म्हणे. आपोचे ढोल थांबले की मामा ठणठणीत बरा होऊन परत यायचा, वर भाचवंडांसाठी गोड पावही आणायचा.

असला गुडघा आसुएसो गावाच्या लक्षात येऊ नये, इतकं काही ते गाव खुळं नव्हतं. आपो म्हणजे वर्षभर गिळलेलं ओकून टाकायचे दिवस. माणसाच्या आत सुन्सुम असतो. तो दिसत नाही, पण त्याला ठेच लागते, तो दुखावतो, आणि कुणाविषयीचा राग आत दाबून ठेवला तर नासतो. सुन्सुम बिघडला की मागोमाग अंग बिघडतं. म्हणून वाडवडिलांनी नेम घालून दिला: या दिवसांत ज्याच्या मनात ज्याच्याविषयी जे असेल, ते त्यानं तोंडावर बोलून टाकावं. सुनेनं सासूला, गड्यानं मालकाला, प्रजेनं राजाला. ऐकणाऱ्यानं हात उगारायचा नाही, डूख धरायचा नाही. त्यात त्याचंही भलंच असतं, कारण ज्याच्या नावानं दुसऱ्याच्या पोटात राग शिजतो, त्याचाही सुन्सुम आजारी पडतो. त्याला बिचाऱ्याला कारण तेवढं कळत नाही. गावचा राजासुद्धा या दिवसांत रस्त्यावर येतो, पोरीसोरींच्या तोंडून आपल्या ढेरीवरची गाणी ऐकतो आणि मान डोलावतो.

राजा ऐकतो आणि सार्पोंग पळतो! हे एवढं एक वाक्य फ्रेमाच्या डोक्यात वर्षभर घोंघावत असायचं.

फ्रेमा म्हणजे सार्पोंगची सख्खी भाची. गाडीतळाजवळ तिची खाणावळ होती. टेचिमानच्या बाजाराला जाणारे ड्रायव्हर तिथं उकडून कांडलेल्या कंदांचा फुफू खायला थांबायचे. रस्सा चांगला असायचा, मालकीण तिखट होती. कुणी "मांस कमी आहे" म्हटलं तर ती वाडगाच उचलून न्यायची आणि म्हणायची, "मग जा घरी, तुझी बायको बैल कापून बसली असेल." लोक हसायचे आणि पुन्हा यायचे. त्या तोंडामागं काय जळतंय, हे त्यांना कुठून कळणार?

जळत होतंच. छातीत डाव्या बाजूला निखारा ठेवल्यासारखं व्हायचं आणि श्वास अर्ध्यावर अडकायचा. सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरनं रक्तदाब सांगितला, गोळ्या दिल्या आणि म्हणाला, "काळजी करायची नाही." काळजी न करायची गोळी कुठल्या दुकानात मिळते, ते मात्र त्यानं सांगितलं नाही. मग ती टानो नदीच्या देवळातल्या म्हाताऱ्या पुजारणीकडे गेली. पुजारणीनं तिच्या छातीवर तळवा ठेवला आणि चटका बसल्यासारखा मागं घेतला.

"कुणाला बोलायचंय तुला?"

"मामाला."

"मग बोल. पण त्याच्या कानात जायला हवं. नदीला सांगून, शेजारणीला सांगून निवणार नाही. ज्याचं आहे त्यानंच ऐकलं पाहिजे."

आता ज्याचं आहे तो कुमासीला गुडघा चोळून घेत बसलेला. एका वर्षी फ्रेमानं त्याच्या खोलीच्या बंद दारासमोर उभं राहून घसा बसेपर्यंत शिव्या घातल्या. दार ऐकून घेतं, पण दाराला सुन्सुम नसतो. निखारा होता तिथंच राहिला.

बोलायचं होतं ते डुफीविषयी.

डुफी म्हणजे फ्रेमाची लेक. बाप ट्रकवर होता, फिरता फिरता दुसऱ्या एका बाईच्या गावी कायमचा थांबला, त्याचं सोडा. डुफी आठ वर्षांची असताना एक दिवस सार्पोंग मामा अंगावर चांगलं कापड पांघरून आला, पाणी प्याला आणि त्यानं घराचा निर्णय सांगितला. फ्रेमाची मावसबहीण पोकुआ समुद्राकाठी ताकोराडीला असते. तिला मूलबाळ नाही, सासरचे तिला जेवताना-खाताना टोचून बोलतात. डुफीनं तिच्याकडे राहायचं, तिला आई म्हणायचं.

"आणि मला?" फ्रेमानं विचारलं होतं.

"तुलाही म्हणेल की. मूल काय एकटीचं असतं का, फ्रेमा? रक्त घराचं आहे. तुझ्यात जे रक्त, तेच पोकुआत. पोरगी एका आईकडून दुसऱ्या आईकडे चाललीय. यात गेलं काय?"

लहानपणापासून सगळे हेच ऐकत वाढलेले. आपण एकटे असे कुणी नसतोच. आईच्या रक्ताचे, बापाच्या सुन्सुमाचे, गेलेल्यांचे आणि यायच्या असलेल्यांचे असतो. "माझं मूल" असं छातीला कवटाळून बसणारी बाई म्हणजे निम्मीच माणूस. फ्रेमाला माणसातून उठायचं नव्हतं. तिनं गाठोडं बांधून दिलं. डुफी तर खुशीत होती. गाडीच्या खिडकीतून ओरडून म्हणाली, "आई, येताना तुला बाटलीत समुद्र घेऊन येते!"

समुद्र काही आला नाही. पावसाळ्यानंतर तिकडं तापाची साथ आली आणि पोरगी त्यात गेली. निरोप मिळाला तेव्हा तिला तिकडंच पुरूनही झालं होतं. सार्पोंग मामा गेला आणि पांढऱ्या कापडाची एक पुरचुंडी घेऊन परत आला. परगावी मेलेल्या माणसाचे केस आणि नखं घरी आणायची रीत आहे, म्हणजे माणूस घरच्यांतच राहतो. फ्रेमाला ती पुरचुंडी उघडू दिली नाही. आईनं लेकराच्या मातीला जायचं नसतं. रडायचंही नसतं, रडलं की कूस रुसते. दोन पुरुष गेले, पुरून आले, हात धुतले, जेवायला बसले. फुफू फ्रेमानंच केला होता.

तेव्हापासून सहा आपो आले आणि गेले, आणि मामाचा गुडघा सहाही वेळा दुखला.

यंदा मात्र देवानंच त्याला पकडून दिलं. घराण्याचा म्हातारा कर्ता वारला आणि सगळ्यांनी मिळून सार्पोंगला त्याच्या जागी बसवलं. आता आपोत पूर्वजांना दारू वाहायची ती कर्त्यानं. कर्ता गावाबाहेर असेल तर पूर्वज कुणाच्या हातून पितील? गुडघ्याची सबब कायमची संपली. फ्रेमानं ही बातमी ऐकली आणि त्या दिवशी ड्रायव्हरांना न मागता जास्तीचं मांस वाढलं. ते घाबरलेच.

आपोला दोन दिवस असताना ती घरी आली, तर आई परसात बुटक्या स्टुलावर बसलेली. गाव तिला बिरागो आजी म्हणायचं. सार्पोंगची थोरली बहीण, घराण्यातली सगळ्यांत वडील बाई. समोरचा वाडगा तसाच होता. म्हातारीनं हल्ली जेवणाकडे पाठच फिरवली होती. दोन घास गिळायचे, वाडगा पुढं सारायचा आणि म्हणायचं, "माझं झालं."

"काय झालं? बोट तरी ओलं झालंय का तुझं?"

"जेवणाचं नाही म्हणत मी. माझंच झालं म्हणते. तुझा मामा कर्ता झाला, घर मार्गी लागलं. आता मला कशाला धरून ठेवता?"

"मरणाच्या गोष्टी आपो झाल्यावर कर, आई. या आठवड्यात मला वेळ नाही."

आजी हसली नाही. म्हणाली, "सुन्यानीकडचे कंद यंदा चांगले निघालेत म्हणतात. जाऊन घेऊन ये की."

"आपोत? आणि खाणावळीत कोण बसेल, तू?"

"मग त्याला तरी सोड. म्हातारा झालाय गं तो."

"हो ना. डुफी काही कधी म्हातारी व्हायची नाही."

आजीनं वाडगा आणखी लांब सारला. फ्रेमाला राहवेना. "तू त्याची बहीण आहेस, मला ठाऊक आहे. पण तू डुफीची आजी नव्हतीस का? सहा वर्षांत एकदा तरी माझ्या बाजूनं बोललीस? एक शब्द?"

म्हातारीनं डोक्याचं फडकं सोडलं, पुन्हा बांधलं, आणि भिंतीचा आधार घेत आत गेली.

आपो सुरू झाला. पहिले दिवस मामानं फ्रेमाला हूल दिली. कर्त्या माणसांना देवळात बसावं लागतं आणि देवाच्या उंबऱ्यात कुणी तोंड उघडत नाही. मामा सकाळी आत जायचा तो अंधार पडल्यावर बाहेर यायचा. गावात मात्र धुमाळी चालली होती. शाळामास्तरांना पोरांनी त्यांच्या घोरण्याची नक्कल करून दाखवली. एका गरीब सुनेनं सासूला चौकात उभं करून सांगितलं की तुझ्या रश्श्यात मी तीन वर्षं मीठ मुद्दाम कमी घातलंय. सासू आधी रडली, मग हसत सुटली, मग दोघी गळ्यात गळे घालून रडल्या. फ्रेमा सगळं बघत होती आणि तिच्या हातापायांची आग होत होती. सगळ्या गावाचं निवतंय, आपणच तेवढं भाजत बसायचं?

शेवटच्या दिवशी देव नदीवर जातात. त्याआधी प्रत्येक कर्ता आपल्या घरासमोर उघड्यावर बसतो, ज्याला बोलायचं असेल त्यानं यावं. सार्पोंग मामाला बसावंच लागलं. बाकाच्या दुसऱ्या टोकाला बिरागो आजी होती, पांढऱ्या कापडात, काठीवर हनुवटी टेकून.

फ्रेमा आली ती एकटी नाही. बरोबर कोनाडू होती. बाजारात टोमॅटो विकणारी ही बाई म्हणजे आपोतल्या बायकांच्या टोळीचा कर्णाच. तिच्यामागं नाचत, अंगाला माती फासलेल्या चाळीस-पन्नास बाया. कोनाडूनं मामाला बघितलं मात्र, तिनं आवाज लावला:

"मामाचा गुडघा दुखतो कधी?"

"आपोचा ढोल वाजायच्या आधी!" बाया ओरडल्या.

"मामाचा गुडघा बरा होतो कसा?"

"ढोल थांबला की पळतो जसा ससा!"

सगळी गल्ली हसली. मामाही कसनुसा हसला आणि गुडघ्यावर हात ठेवून बसला. मग कोनाडूनं हात वर केला, बाया गप्प झाल्या, आणि फ्रेमा पुढं आली.

"सार्पोंग," ती म्हणाली. मामा नाही, अहो नाही. जन्मात पहिल्यांदा तिनं त्याला नावानं हाक मारली. "उठायचं नाही. सहा वर्षं मी तुझ्या पाठीला बोलतेय. आज तोंड दाखव."

मामानं तोंड वर केलं.

"तू माझ्या घरी आलास. माझं पाणी प्यालास. माझ्या पोटच्या पोरीचा निकाल लावलास, आणि मला काय सांगितलंस? मूल एकटीचं नसतं. सगळ्या घराचं असतं. बरोबर ना? तुझेच शब्द आहेत ना?"

"माझेच आहेत."

"मग पोरीला ताप आला तेव्हा सगळं घर कुठं होतं? कोण बसलं होतं तिच्या उशाशी? तू? हा सगळा गोतावळा? चाळीस आया, वीस मामा, एकाच्याही हातून तिच्या तोंडात पाणी पडलं का? मेली, तर मला सांगायच्या आधी पुरलीत. मी कुणी नव्हते ना! मी नुसती वाट, पोरगी जगात यायची वाट! आणि काय घेऊन आलास तू परत? पुरचुंडी! ती सुद्धा मला उघडू दिली नाहीस. नखं नुसती दाखवली असतीस तर ओळखली असती मी. अंगठ्याचं नख दुभंगलेलं होतं तिचं, माझ्या मुसळानं. ते तुला माहीत होतं? घराला माहीत होतं?"

गल्लीत आता कुणी हसत नव्हतं.

"जाताना पोरगी सगळ्या घराची होती. मान्य. मला तेच शिकवलंय, मी तेच मानते. पण मग सगळ्या घराची पोर मेली, तर सगळं घर का नाही रडलं, सार्पोंग? का माझ्या एकटीच्याच छातीत आग? घ्यायच्या वेळी ती सगळ्यांची, आणि गेल्यावर माझी एकटीची? तुम्ही त्या दिवशी हात धुऊन जेवायला बसलात. मी केलेला फुफू खाल्लात. वर मला म्हणालात, रडू नकोस! मला माणसातून उठायचं नव्हतं म्हणून मी तेही केलं. पण माणसातून उठलेली मी नव्हे, सार्पोंग, माणूस तू नाहीस. तू घर-घर करत फिरतोस, पण तुझ्यात घर नाही. तुझ्यात एक गुडघा आहे फक्त!"

कुणीतरी बाई हुंदका देऊन रडली. फ्रेमानं अजून बरंच काही ऐकवलं, ते सगळं सांगण्यात अर्थ नाही. सहा वर्षांचं साठलेलं होतं, त्याला काही धरबंध नव्हता. मामानं मान खाली घातली नाही. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, ते त्यानं पुसलं नाही. तिचं संपल्यावर तो रीतीप्रमाणे म्हणाला, "ऐकलं. तुझा सुन्सुम निवो."

"आता तू बोल," कोनाडू म्हणाली. हाही रीतीचाच भाग. ज्यानं ऐकलं त्याच्या पोटात काही असेल, तर त्यानंही ते काढून टाकायचं, नाहीतर एकाचं निवतं आणि दुसऱ्याचं पेटतं. "बोल सार्पोंग. तुझंही काही असेल ना?"

मामानं तोंड उघडलं. मग बाकाच्या दुसऱ्या टोकाकडे बघितलं. बिरागो आजी समोर रस्त्याकडे पाहत होती, काठीवर तिची बोटं आवळलेली होती. मामानं तोंड मिटलं.

"माझ्याकडे काही नाही," तो म्हणाला.

बायांमध्ये कुजबुज झाली. आपोत शिव्या चालतात, आरडाओरडा चालतो. पोटात ठेवून "काही नाही" म्हणणं चालत नाही. कोनाडूनं भुवया उडवल्या, पण तेवढ्यात देवळाकडून शिंग वाजलं आणि सगळे नदीकडे निघाले.

नदीवर देव उतरवले. पुजाऱ्यानं पानांची जुडी पाण्यात बुडवून आधी देवांवर, मग राजावर, मग सगळ्या गर्दीवर शिंपडली. थेंब अंगावर पडला की झालं. आता मागचं बोलायचं नाही. वर्षभर कुणी कुणाला असं बोललं तर तो गुन्हा, आणि वडीलधाऱ्या माणसाला बोललं तर पापच. ढोल थांबला. एकमेकांना हवं तसं सोलून काढलेली माणसं आता एकमेकांच्या अंगावरची माती धूत होती.

फ्रेमाच्या कपाळावर थेंब पडला. तिनं डोळे मिटून वाट पाहिली. आता निखारा विझेल. आता आत पाणी शिरेल.

काही झालं नाही.

"कसं वाटतंय?" कोनाडूनं तिच्या पाठीत थाप मारली. "हलकं?"

"हो," फ्रेमा म्हणाली. जळत होतं ते तसंच जळत होतं. वर घसाही बसला होता. पुजारीण खोटं बोलली? ज्याचं होतं त्यानंच ऐकलं ना? समोर बसून ऐकलं, रडला सुद्धा!

घरी येताना ती आईला धरून चालवत होती. परसात आल्यावर म्हातारी स्टुलावर बसली, काठी बाजूला ठेवली आणि म्हणाली, "डुफीला मी पाठवलं."

फ्रेमाला वाटलं, म्हातारी उन्हानं भ्रमली आहे.

"तुझा मामा नको म्हणत होता. तीन वेळा नको म्हणाला. माझ्या बहिणीला, पोकुआच्या आईला, मी तिच्या मरणाच्या वेळी शब्द दिला होता की तुझ्या पोरीची कूस रिकामी राहू देणार नाही. या घरात ठरवतो आम्ही बायका, पुरुष फक्त बोलून दाखवतात. मी सार्पोंगला सांगितलं, जाऊन बोल. तो बोलला."

"आणि तो कुमासी? तो गुडघा?"

"मीच घालवायची त्याला. तो म्हणायचा, आपोत ती समोर आली तर माझ्याच्यानं लपवलं जाणार नाही, माझ्या तोंडून तुझं नाव निघेल. मी म्हणायची, मग जा. यंदा त्याला जाता आलं नाही. यंदा त्यानं शब्द गिळला."

फ्रेमा भिंतीला टेकली. आत्ता तिच्या लक्षात आलं, निखारा का विझला नाही ते. सहा वर्षं तिनं ज्या माणसासाठी शब्द धार लावून ठेवले, तो माणूसच चुकीचा होता. आणि खरं माणूस रोज तिच्या हातचा रस्सा खात होतं, रोज तिला विचारत होतं, गोळी घेतलीस का?

"सकाळपासून तू त्याच बाकावर बसली होतीस," ती म्हणाली. "मी त्याला फाडत होते, आणि तू रस्त्याकडे बघत होतीस. आणि आता सांगतेस? ढोल थांबल्यावर? अंगावर पाणी पडल्यावर?"

"ढोल वाजत असताना सांगितलं असतं, तर तू मला बोलली असतीस. तशीच. सगळ्या गावासमोर." आजीनं तिच्याकडे पाहिलं. "भ्याले मी, फ्रेमा."

फ्रेमानं तोंड उघडलं. आत सगळं तयार होतं, मामाला घातलं त्याच्या दुप्पट. आणि कपाळावर नदीचा थेंब अजून ओला होता. आपो संपला होता. समोर तिची आई बसली होती, जिच्या रक्तानं ती माणूस होती. तिनं दात आवळले. जबडा कडकड वाजला.

आजीनं मोठा श्वास सोडला. तिच्या चेहऱ्यावर बऱ्याच महिन्यांत दिसलं नव्हतं असं काहीतरी आलं होतं. म्हातारी चक्क निवांत दिसत होती. "सांगून टाकलं एकदाचं," ती म्हणाली. "हलकं वाटलं बघ. आता मी जायला मोकळी."

एवढं ऐकलं आणि फ्रेमाच्या डोळ्यांपुढं लाल झालं. मोकळी! स्वतःचा सुन्सुम निववला, माझ्या तोंडावर नदी ओतली, आणि आता ही निघणार! वर जाऊन पूर्वजांत बसणार, आणि हा निखारा मी कुणाच्या पायाशी ठेवू? मेलेल्या माणसाशी कुठला आपो करता येतो?

ती वळली आणि स्वयंपाकाच्या पडवीत गेली. सकाळचे उकडलेले कंद आणि कसावा तिनं उखळात टाकला. मुसळ उचललं. एका हातानं कांडायचं आणि दुसऱ्या हातानं गोळा फिरवायचा, हे एकट्यानं होत नाही, पण ती करत होती. धाड. धाड. अर्धा फुफू जमिनीवर उडाला.

दारात सार्पोंग मामा उभा होता. आत काय झालं ते त्याला विचारावं लागलं नाही. तो काठी ठेवून आला, तिच्या हातून मुसळ घेतलं आणि उभा राहिला. फ्रेमा उखळापाशी बसली. हात पाण्यात बुडवला आणि गोळ्यावर ठेवला.

मुसळ पडतं, उठतं, आणि त्या मधल्या क्षणात बसलेल्या बाईनं हात घालून गोळा उलटायचा असतो. कांडणाऱ्याच्या मनात काही असेल तर बोटं जातात. सकाळी तिनं या माणसाला माणूस नाहीस म्हटलं होतं. तो शब्द आता परत घेता येत नव्हता. परत घेणंही मागचंच बोलणं झालं असतं. तिनं हात घातला. मुसळ आलं, गेलं. तिनं पुन्हा हात घातला. त्याचा ठेका एकदाही चुकला नाही.

"गुडघा?" तिनं मान वर न करता विचारलं.

"बरा आहे." धाड. "कधी दुखलाच नव्हता."

फुफू मऊ, गुळगुळीत झाला. तिनं गोळा वाडग्यात घातला, वर रस्सा ओतला, माशाचं डोकं ठेवलं आणि आईसमोर जाऊन उकिडवी बसली.

"खा."

"भूक नाही गं. माझं झालं."

"तुझं झालं असेल. माझं नाही झालं." फ्रेमाचा आवाज अगदी हळू होता, आणि मामा पडवीत जागच्या जागी थिजला. "ऐक आई. पुढच्या आपोपर्यंत तू मरायचं नाहीस. रोज खायचं. मी भरवीन तसं खायचं. गोळी देईन ती गिळायची. ताप आला तर मी उशाशी बसेन, दवाखान्यात पाठीवर घालून नेईन, पण तुला जाऊ देणार नाही. आणि पहिला ढोल वाजला की त्याच बाकावर, सगळ्या गावासमोर तू बसायचंस आणि मी बोलेन. सगळं ऐकायचंस. मग कुठं जायचं तिथं जा."

आजीनं वाडग्याकडे बघितलं, मग तिच्याकडे.

फ्रेमानं बोटांनी फुफूचा तुकडा तोडला, रश्श्यात बुडवला आणि आईच्या तोंडाशी नेला. म्हातारीनं तोंड उघडलं आणि घास गिळला. फ्रेमानं लगेच दुसरा तोडला.

"मोठा आहे," आजी म्हणाली.

"वर्षही मोठं आहे. खा."